वाचकांचे प्रश्न : प्रागहून एका दिवसात चेस्की क्रुमलोव्ह

मध्य युरोपच्या प्रवासाविषयी या महिन्यात जी पत्रे आली, त्यांतली बरीचशी चेक प्रजासत्ताकातल्या एकाच गावाविषयी होती. चेस्की क्रुमलोव्ह हे व्ल्तावा नदीच्या वळणात वसलेले जेमतेम तेरा हजार वस्तीचे गाव 1992 पासून जागतिक वारसा यादीत आहे, आणि प्रागला जाणाऱ्या जवळजवळ प्रत्येक प्रवाशापुढे तिथल्या एका दिवसाच्या सहलीचे पत्रक येते. म्हणून या वेळचे सदर त्या एका गावालाच दिले आहे. नाव उच्चारताना शेवटचा 'व्ह' चेक लोक 'फ'सारखा म्हणतात, म्हणजे 'क्रुमलॉफ'. रस्ता विचारताना हा उच्चार उपयोगी पडेल.

आम्ही दोघे साठीच्या पुढचे असून सप्टेंबरमध्ये प्रागला चार रात्री राहणार आहोत. हॉटेलमधूनच गाईडसह क्रुमलोव्हची एक दिवसाची सहल मिळते असे कळले. ती घ्यावी की बसने स्वतः जावे? एका दिवसात गाव पाहून होते का? (ठाणे)

आधी वेळेचा हिशेब मांडून पाहू, कारण सगळा निर्णय त्यावर अवलंबून आहे. क्रुमलोव्ह प्रागच्या दक्षिणेला साधारण 170 ते 180 किलोमीटरवर आहे आणि बसने जायला पावणेतीन ते तीन तास लागतात. सकाळी नऊला निघून संध्याकाळी सातच्या सुमारास परतणारी सहल दहा तासांची धरली, तर त्यातले साडेपाच-सहा तास गाडीत जातात आणि गावाच्या वाट्याला चार, फार तर साडेचार तास येतात. त्यांतही गाईडबरोबरची पायी फेरी दीड-दोन तासांची असते, जेवणाला तासभर जातो आणि ज्याला तुम्ही आपला स्वतःचा म्हणाल असा वेळ तास-दीड तासच उरतो. पत्रकात 'पूर्ण दिवस' असे छापलेले असते, ते खोटे नसते. पण तो दिवस मुख्यतः रस्त्याचा असतो, हे पैसे भरण्यापूर्वी माहीत असलेले बरे.

पत्रकातली दुसरी बाब अधिक महत्त्वाची आहे. बहुतेक सहलींमध्ये 'किल्ला' असा उल्लेख असतो, पण त्याचा अर्थ किल्ल्याची अंगणे आणि पूल इतकाच असतो. अंगणांतून कोणीही तिकिटाविना हिंडू शकते. आतली दालने मात्र किल्ल्याच्याच गाईडबरोबर, ठरलेल्या वेळी, ठरावीक संख्येच्या गटातून पाहावी लागतात आणि त्याचे तिकीट वेगळे असते. मी पहिल्यांदा अशाच एका सहलीने गेले होते. गावातली फेरी संपवून तिकीटखिडकीशी पोहोचले, तेव्हा इंग्रजीतली पुढची मोकळी फेरी आमची गाडी सुटण्याच्या वेळेनंतरची होती. तीन तास प्रवास करून आलेल्या माणसाने बंद दाराशी उभे राहून परत फिरावे, याची रुखरुख फार दिवस राहते. म्हणून सहल नोंदवताना एकच प्रश्न नेमका विचारा : किल्ल्याच्या आतल्या फेरीचे तिकीट यात धरलेले आहे का, आणि नसेल तर ती फेरी बसेल इतका मोकळा वेळ मिळेल का? यावर गुळमुळीत उत्तर आले, तर ते नकारार्थी समजावे.

स्वतः जाणे अवघड नाही. प्रागच्या आंद्येल या मेट्रो स्थानकाला लागूनच ना क्नीझेत्सी नावाचे बसस्थानक आहे. तिथून क्रुमलोव्हला थेट बस जातात आणि तिकीट आसनक्रमांकासह आगाऊ काढता येते. क्रुमलोव्हमध्ये बस श्पिचाक या थांब्यावर थांबत असेल तर तिथेच उतरावे. समोरच बुद्येयोवित्स्का ब्राना ही वेस आहे. एके काळी गावाला नऊ वेशी होत्या, त्यांतली ही एकच उरली आहे. 1598 ते 1602 या काळात बांधलेल्या त्या वेशीतून आत शिरले की लात्रान हा किल्ल्याच्या पायथ्याचा भाग लागतो, आणि गावात त्याच्या मूळच्या वाटेने प्रवेश केल्याचे समाधान मिळते. रेल्वेनेही जाता येते आणि डब्याच्या खिडकीतून दिसणारा मुलूख सुंदर आहे, पण क्रुमलोव्हचे स्टेशन गावापासून दूर, चढावर आहे. परतताना तो चढ साठीनंतर नकोसा होतो.

मग गाईडचे काय? माझ्या मते या गावात चांगल्या गाईडची गरज आहे, कारण इथल्या भिंतींवर आणि माणसांच्या इतिहासात जे आहे ते पाटी वाचून कळत नाही. पण तो गाईड प्रागहूनच सोबत आणावा लागत नाही. क्रुमलोव्हमध्ये स्थानिक गाईडच्या पायी फेऱ्या असतात आणि किल्ल्याचा स्वतःचा गाईड तर तिकिटातच मिळतो. तुमच्याकडे चार रात्री आहेत, तेव्हा माझा सल्ला असा, की त्यांतली एक रात्र क्रुमलोव्हला द्या. दुपारी साडेचार-पाचला सहलींच्या गाड्या निघाल्या की अर्ध्या तासात गल्ल्या रिकाम्या होतात, नदीतल्या बांधावरून पडणाऱ्या पाण्याचा आवाज चौकापर्यंत ऐकू येऊ लागतो, आणि सकाळी नऊच्या आत किल्ल्याच्या अंगणात तुमच्याशिवाय एखादा झाडूवालाच असतो. प्रागचे हॉटेल आधीच नोंदवून झाले असेल आणि रात्र काढणे शक्य नसेल, तर मात्र सहल जरूर घ्या, पण आठ-दहा माणसांच्या छोट्या गाडीची घ्या. पन्नास माणसे प्रसाधनगृहाशी रांगेत उभी राहून परत गोळा होईपर्यंत जो वेळ जातो, तो तुमच्या चार तासांतूनच वजा होतो.

मध्ययुगीन गाव म्हणून जाहिरात केली जाते, पण छायाचित्रांत घरे रंगीत आणि अगदी नवी दिसतात. यातले खरोखर मध्ययुगीन किती आणि नंतरचे किती? (पुणे)

प्रश्न योग्य आहे. थोडक्यात सांगायचे तर गावाचा सांगाडा मध्ययुगीन आहे, अंगावरचा पोशाख प्रबोधनकाळातला आहे आणि किल्ल्याच्या आतला थाट बराचसा सतराव्या-अठराव्या शतकातला आहे.

तेराव्या शतकाच्या मध्याला वीतकोव्ह घराण्याच्या सरदारांनी नदीवरच्या उभ्या खडकावर गढी बांधली. व्ल्तावा इथे इतकी वळते की गावाला तिचा जवळजवळ पूर्ण वेढा पडतो. 'वाकडे कुरण' अशा अर्थाच्या जुन्या जर्मन शब्दांवरून क्रुमलोव्ह हे नाव आले असे मानतात, आणि किल्ल्यावरून खाली पाहिले की ते पटते. 1302 मध्ये वीतकोव्हांची ही शाखा निर्वंश झाली आणि त्यांचे भाऊबंद असलेल्या रोझ्मबेर्क घराण्याकडे किल्ला गेला. पुढची तीनशे वर्षे ते इथे नांदले. पाच पाकळ्यांचे लाल गुलाब हे त्यांचे चिन्ह. गावात ते वेशीवर, चौकटींवर आणि आजच्या दुकानांच्या पाट्यांवरही दिसेल. रस्त्यांची आखणी, घरांच्या अरुंद दर्शनी बाजू, तळघरे आणि 1439 मध्ये पूर्ण झालेले सेंट व्हाइटस चर्च हे सगळे त्या मध्ययुगातले.

सोळाव्या शतकात विलेम फोन रोझ्मबेर्कने इटालियन कारागीर आणून जुन्या गढीचा प्रबोधनकालीन राजवाडा केला, आणि गावातल्या श्रीमंतांनी धन्याचे अनुकरण केले. तुम्हाला जो रंग नवा वाटतो तो याच काळाचा वारसा आहे. किल्ल्याचा गोल मनोरा 1590 मध्ये बार्तोलोम्येय बेरानेक-येलीनेक या चित्रकाराने रंगवला. आज दिसतो तो रंग अर्थातच पुन्हा पुन्हा डागडुजी केलेला आहे, पण आकृती त्या आराखड्याच्या आहेत.

भिंतींकडे मात्र जवळ जाऊन पाहा. अंगणातल्या भिंती घडीव दगडांच्या आहेत असे दुरून वाटते. प्रत्येक दगडाला कंगोरा, कंगोऱ्याला सावली. हाताच्या अंतरावर गेलात की सगळे सपाट निघते. साध्या गिलाव्यावर दगड चितारलेले आहेत, कोनाडे आणि त्यांतले पुतळेही चितारलेले आहेत. आमच्या गटातल्या एका बाईंनी नकळत बोट पुढे केले होते आणि गाईडने हसून, पण ताबडतोब, थांबवले. गल्ल्यांतल्या काही घरांवर दुसरी रीत दिसते : गडद गिलाव्यावर फिका थर देऊन, तो ओला असतानाच खरवडून खालचा रंग उघडा करायचा. दगड महाग होता, चुना स्वस्त होता आणि इटलीची फॅशन हवी होती. त्यातून हे सगळे आले.

पुढचा इतिहास भराभर सांगते. शेवटच्या रोझ्मबेर्कने, पेत्र वोकने, कर्जाच्या ओझ्याखाली 1602 मध्ये ही मालमत्ता सम्राट रुडॉल्फ दुसरा याला विकली. सम्राटाने आपल्या अनौरस आणि वेडसर मुलाला, डॉन जूलियसला, इथे ठेवले. त्याने 1608 मध्ये गावातल्या एका न्हाव्याच्या मुलीची, मार्केता पिख्लेरोवाची, क्रूर हत्या केली. गाईड ही गोष्ट रंगवून सांगतात. मला ती तशी ऐकवत नाही. 1622 मध्ये किल्ला एगेनबेर्ग घराण्याला मिळाला, 1719 मध्ये श्वार्झेनबेर्ग घराण्याकडे गेला आणि 1947 पासून तो सरकारी मालकीचा आहे.

गावाचा जुना गाभा इतका शाबूत कसा राहिला, याचे कारण फारसे सुखाचे नाही. धन्यांनी मुक्काम हलवल्यावर गाव मागे पडले आणि जुने पाडून नवे बांधण्याइतका पैसा इथे आला नाही. दुसऱ्या महायुद्धापर्यंत गावातली बहुसंख्य वस्ती जर्मनभाषक होती. युद्धानंतर त्या लोकांना देशाबाहेर घालवण्यात आले, घरे रिकामी झाली आणि कम्युनिस्ट राजवटीत त्यांतली कितीतरी मोडकळीला आली. तुम्हाला दिसणारा नीटनेटकेपणा मुख्यतः 1989 मध्ये ती राजवट गेल्यानंतरच्या दुरुस्तीचा आहे. ज्यांची ही घरे होती त्यांचे चेहरे पाहायचे असतील, तर लिनेत्स्का रस्त्यावरचे झायडेल छायाचित्रकार पितापुत्रांचे घर पाहा. त्यांचा जुना स्टुडिओ आता संग्रहालय आहे. एक दिवसाच्या सहलीत तिथे कोणी नेत नाही, म्हणून मुद्दाम लिहिते.

मी हौशी रंगभूमीवर नेपथ्याचे काम करतो. क्रुमलोव्हच्या किल्ल्यात जुने नाट्यगृह आहे असे ऐकले. एका दिवसाच्या सहलीत ते पाहता येईल का, आणि ते पाहण्यासारखे आहे का? (नाशिक)

तुमच्यासाठी तर क्रुमलोव्हला जाण्याचे तेच कारण असावे. बाकीचे काही पाहिले नाही तरी चालेल.

एगेनबेर्ग सरदारांनी 1680 च्या दशकात इथे नाट्यगृह बांधले आणि योसेफ आदाम श्वार्झेनबेर्गने 1766 पर्यंत ते पुन्हा बांधून सजवले. युरोपात अशी दरबारी नाट्यगृहे शेकडो होती. मेणबत्त्या, तेलाचे दिवे, रंगवलेले कापड आणि लाकूड एकत्र असल्यामुळे त्यांतली बहुतेक जळाली. जी वाचली ती पुढच्या पिढ्यांनी बदलून टाकली. क्रुमलोव्हचे वाचले, कारण ते फारसे वापरलेच गेले नाही. इमारतीबरोबर रंगमंचाखालची यंत्रणा, पडदे, विंगा, झालरी, वेशभूषा, दिवे, संहिता आणि स्वरलेखनाची हस्तलिखितेही शिल्लक राहिली. इतका पूर्ण संच असलेले त्या काळाचे दुसरे उदाहरण म्हणून स्वीडनमधल्या द्रोत्निंगहोल्मच्या नाट्यगृहाचे नाव घेतले जाते; योगायोगाने तेही 1766 चेच आहे.

आत शिरताना डोळे अंधाराला सरावावे लागतात. लाकडी बाकांवर बसवून गाईड सांगू लागतो आणि समोर रंगमंच खोल खोल जाताना दिसतो. प्रत्यक्षात तो दिसतो तितका खोल नाही. दोन्ही बाजूंच्या विंगा एकामागून एक थोड्या थोड्या आत सरकवलेल्या आणि लहान होत गेलेल्या आहेत, त्याच मापाने वरच्या झालरी खाली येत जातात आणि मागचा पडदा त्या सगळ्या रेषा एका बिंदूत नेऊन सोडतो. आपल्याकडे संगीत नाटकांच्या काळात राजवाड्याचा, रस्त्याचा, जंगलाचा असे रंगवलेले पडदे कंपन्या गावोगावी नेत असत. इथे ठेवणीतली दृश्ये पाहताना त्या पेट्यांची आठवण येते. कैदखाना, बंदर, छावणी, बाग, रस्ता, दरबार अशी ठरावीक दृश्ये असायची आणि नाटक कोणतेही असो, त्यांतूनच जोडणी करायची. ही रंगवण्यासाठी व्हिएन्नाहून यान वेट्शेल आणि लेओ मेर्कल या चित्रकारांना आणले होते.

खरी कमाल खालच्या तळघरात आहे. रंगमंचाखाली चाकांच्या चौकटी आहेत आणि फटींतून वर आलेल्या दांड्यांवर विंगा बसवलेल्या आहेत. सगळ्या चौकटींचे दोर एकाच मोठ्या लाकडी दांड्याला गुंडाळलेले असतात. खाली माणसांनी तो फिरवला की एका बाजूची विंग आत जाते आणि तिच्या मागची बाहेर येते, आणि हे डावी-उजवीकडे पहिल्या विंगेपासून शेवटच्या विंगेपर्यंत एकाच क्षणी होते. पडदा पाडायची, दिवे घालवायची गरज नाही. प्रेक्षकाच्या डोळ्यांदेखत काही सेकंदांत जंगलाचा दरबार होतो. ते पाहायलाच लोक येत असत. वारा, पाऊस आणि गडगडाट यांसाठीही लाकडाची वेगळी यंत्रे आहेत. तुम्ही नेपथ्य करता, तेव्हा दोराला किती ठिकाणी कप्पी आहे आणि ताण कुठे वाटून घेतला आहे, हे पाहत तुम्हीच सर्वांच्या मागे राहाल, असे मला वाटते.

आता व्यवहाराचे. धोकादायक झाल्यामुळे हे नाट्यगृह 1966 मध्ये बंद केले होते. अनेक वर्षांच्या कामानंतर 1997 मध्ये ते पुन्हा खुले झाले, आणि तेही फार जपून. प्रवेश फक्त किल्ल्याच्या गाईडबरोबर, लहान गटातून आणि हिवाळा सोडून मे ते ऑक्टोबर या दिवसांत असतो. इंग्रजी फेऱ्या मोजक्या असतात. प्रागहून येणाऱ्या गटाबरोबर गेलात तर तुमची फेरी आणि गटाची वेळ जुळणे हा निव्वळ योग ठरेल. तेव्हा गटाचा नाद सोडा. आधी किल्ल्याच्या अधिकृत संकेतस्थळावर नाट्यगृहाची वेळ पाहून तिकीट घ्या आणि मगच त्या वेळेला धरून बसचे तिकीट काढा. छायाचित्रे आत काढू देत नाहीत, म्हणून वही-पेन्सिल जवळ ठेवा.

नाट्यगृह नको, पण किल्ल्याच्या आतली एकच फेरी घ्यायची तर कोणती? (डोंबिवली)

दालनांच्या पहिली आणि दुसरी अशा दोन फेऱ्या असतात, त्यांतली पहिली घ्या. दुसरी फेरी श्वार्झेनबेर्गांच्या एकोणिसाव्या शतकातल्या राहत्या दालनांची आहे आणि सजवलेली दालने तुम्ही व्हिएन्नातही पाहाल. पहिल्या फेरीत दोन गोष्टी अशा आहेत की त्या इथेच आहेत. एक म्हणजे 1638 ची सोनेरी बग्गी. एगेनबेर्ग घराण्यातला राजदूत पोपला भेटी घेऊन रोमला गेला, तेव्हा ती एकदाच वापरली गेली. दुसरा मुखवट्यांच्या नृत्याचा दिवाणखाना. 1748 मध्ये योसेफ लेडरर या चित्रकाराने त्याच्या चारी भिंतींवर मुखवटे घातलेले पाहुणे, विदूषक, पहारेकरी असे पूर्ण मापात रंगवले. त्यांतले काही खोट्या सज्ज्यातून तुमच्याकडे वाकून पाहतात, आणि एका खिडकीच्या कोनाड्यात चित्रकार स्वतः कॉफी पीत बसला आहे. गाईड दाखवण्याआधी त्याला शोधून पाहा.

फेरीला साधारण तास लागतो. वेळ उरला तर मनोऱ्यावर चढा : 162 पायऱ्या आहेत आणि वरून नदीचे पूर्ण वळण दिसते. खंदकातली अस्वले पाहायला तिकीट लागत नाही. रोझ्मबेर्कांना इटलीतल्या ओर्सिनी या घराण्याशी आपले नाते असल्याचे दाखवायचे होते आणि ओर्सिनी हे नाव अस्वलावरून आलेले, म्हणून ती इथे आली. दगडी खंदकात ती फेऱ्या मारताना पाहून मला बरे वाटले नाही. लहान मुलांना नेणार असाल तर हेही लक्षात असू द्या.

आईच्या दोन्ही गुडघ्यांची शस्त्रक्रिया झाली आहे आणि ती शुद्ध शाकाहारी आहे. तिला ही सहल झेपेल का? (कोल्हापूर)

स्पष्ट सांगायचे तर मोठ्या गटाची सहल झेपणार नाही. गावातले सगळे रस्ते गोट्यागोट्यांच्या दगडी फरसबंदीचे आहेत, पावसात ते निसरडे होतात आणि लात्रानपासून किल्ल्याच्या वरच्या अंगणांपर्यंत वाट चढत जाते. पन्नास जणांच्या गटात मागे पडणाऱ्या माणसाची जी ओढाताण होते, ती आईंना सोसायला लावू नका. नेहमीच्या चाकांच्या खुर्चीलाही हे दगड त्रासाचे आहेत. जायचेच असेल तर खासगी गाडी करा, जेवण मुख्य चौकाजवळ घ्या आणि किल्ला खालूनच, नदीवरच्या पुलावरून दाखवा; तिथून तो सगळ्यांत सुंदर दिसतो.

पण मी तुमच्या जागी असते तर कुत्ना होराचा विचार केला असता. हे गाव प्रागपासून पूर्वेला सत्तर-ऐंशी किलोमीटरवर आहे आणि रेल्वेने तासाभरात पोहोचता येते. मध्ययुगात इथल्या खाणींतून निघालेल्या चांदीवर बोहेमियाचे, म्हणजे आजच्या चेक भूमीतले, राज्य उभे होते, आणि 1300 मध्ये राजा वेन्सेस्लास दुसरा याने इथेच प्रागचे ग्रोशेन हे चांदीचे नाणे पाडायला सुरुवात केली. खाणकामगारांच्या देवतेचे, सेंट बार्बराचे, चर्च 1388 मध्ये सुरू झाले आणि चांदी संपल्यामुळे रखडत रखडत 1905 मध्ये पूर्ण झाले. मध्ययुगीन बांधणी पाहायची तर मला ते क्रुमलोव्हहून सरस वाटते. सेद्लेत्सचे मानवी अस्थींनी सजवलेले तळघरही इथेच आहे. आईंना ते रुचेल का हे तुम्हीच ठरवा. गावातही चढउतार आहेत, पण जाण्यायेण्यातच तीन-चार तास वाचतात आणि थकल्या तर लगेच परतता येते.

जेवणाबद्दल : तळलेले चीज आणि बटाटे ही चेक हॉटेलांतली नेहमीची शाकाहारी थाळी आहे आणि पिझ्झाही मिळतो. बटाट्याचे सूप शाकाहारी दिसते, पण त्यात मांसाचा रस किंवा डुकराची चरबी असू शकते. तेव्हा नुसते 'व्हेजिटेरियन' असे न म्हणता मांस, मासे आणि चरबी नको असे तिन्ही शब्द वेगवेगळे सांगा. दशम्या आणि चटणी बरोबर असली तर दिवस निर्धास्त जाईल.

आम्ही प्रागहून साल्झबर्गला जाणार आहोत. क्रुमलोव्हला जाऊन पुन्हा प्रागला यावे का? (न्यू जर्सी)

येऊ नका. क्रुमलोव्ह तुमच्या वाटेवरच आहे. तिथून ऑस्ट्रियाचे लिंझ शंभर किलोमीटरच्याही आत आहे. प्राग, क्रुमलोव्ह आणि साल्झबर्ग यांच्यामध्ये सामानासह नेणाऱ्या छोट्या गाड्या चालतात. काही गाड्या क्रुमलोव्हला तीन-चार तास थांबून त्याच दिवशी पुढे जातात आणि बॅगा गाडीतच राहतात. दोन्ही देश शेंगेन क्षेत्रात असल्यामुळे वेगळा व्हिसा लागत नाही, पण पासपोर्ट जवळ हवा. चेक प्रजासत्ताकाचे चलन कोरुना आहे. दुकानदार युरो घेतात, परंतु आपल्या दराने घेतात, तेव्हा कार्डाने कोरुनातच पैसे द्या.

नाताळच्या सुट्टीत गेलो तर? (मुंबई)

किल्ल्याची आतली दालने नोव्हेंबर ते मार्च बंद असतात आणि डिसेंबरात चारच्या सुमारास सूर्य मावळतो. दुपारी बाराला पोहोचणाऱ्या सहलीला जेमतेम चार तासांचा उजेड मिळतो. चौकातला नाताळचा बाजार आणि बर्फातली छपरे एवढ्यावर समाधान असेल तर जा. एरवीही सोमवार टाळा, कारण त्या दिवशी आतल्या फेऱ्या नसतात आणि सहली मात्र निघतात.

अशा गावात आता कोणी राहते का? आपल्यासारख्या एका दिवसाच्या पाहुण्यांचा तिथल्या लोकांना त्रास होत असेल, तर जाणे बरोबर आहे का? (छत्रपती संभाजीनगर)

या प्रश्नाबद्दल तुमचे आभार. क्रुमलोव्हच्या तेरा हजारांतले फार थोडे लोक नदीच्या वळणातल्या जुन्या भागात राहतात. तिथली बहुतेक घरे आता हॉटेले, खानावळी आणि भेटवस्तूंची दुकाने आहेत. 2018 मध्ये कातेर्झिना शेदा या चेक कलावतीने यावर एक उपक्रम केला. तिने काही कुटुंबांना जुन्या गावात राहायला आणले आणि साधे रोजचे जगणे जगण्याचे त्यांना पैसे दिले : कपडे वाळत घालायचे, मुलांनी रस्त्यात खेळायचे, शेजाऱ्याशी गप्पा मारायच्या. व्हेनिसच्या वास्तुकला द्वैवार्षिकीत चेक आणि स्लोव्हाक दालनात तो मांडला गेला. ज्या गावात दोरीवरचे कपडे हे नोकरी म्हणून वाळत घालावे लागतात, त्या गावाची अवस्था याहून स्पष्ट कोणी सांगितली असेल असे मला वाटत नाही.

नगरपालिकेनेही पावले उचलली आहेत. 2019 पासून सहलींच्या बसगाड्यांना थांब्यावर येण्याची वेळ आगाऊ नोंदवून शुल्क भरावे लागते. स्थानिकांची मुख्य तक्रार अशी, की एक दिवसाचा पाहुणा रस्ते आणि पूल अडवतो, छायाचित्रे काढतो आणि आणलेले पाणी पिऊन निघून जातो. मी 'जाऊ नका' असे म्हणणार नाही. पाहुण्यांच्या पैशावरच नाट्यगृहाचे दोर आणि भिंतींचे रंग टिकले आहेत. पण जे तिथेच राहतात त्यांच्याकडे आपला पैसा जाईल असे पाहता येते : किल्ल्याचे तिकीट काढणे, स्थानिक गाईड घेणे, एक जेवण तिथेच घेणे आणि जमले तर एक रात्र राहणे. प्लाश्त्योवी मोस्ट या कमानींच्या पुलावर दुपारी बारा ते तीन इतकी दाटी असते की पाठीवर पिशवी घेऊन शाळेतून परतणारे मूल गर्दीत वाट मिळेपर्यंत कठड्याला टेकून उभे असलेले मी पाहिले आहे. गट फोटोसाठी थांबला, की त्या मुलाला जाण्यापुरती जागा सोडून उभे राहा, असे आपल्या गटातल्यांनाही सांगा.